चूक घराची

मादाम ओदिलना मी नऊ वर्षांत एकदाच धावताना पाहिलं, आणि त्या धावल्या त्या माझ्यामुळे. एरवी हातात चार प्लेटा असोत, दाराशी माणसं खोळंबलेली असोत, बाई आपल्याच चालीनं चालणार. वाढणारा माणूस पळायला लागला की गिऱ्हाइकाला वाटतं आत आग लागलीय, असं त्या म्हणायच्या.

नेपरव्हिलच्या जुन्या डाउनटाउनमध्ये, स्टेशनपासून दहा मिनिटांवर, त्यांचं फ्रेंच रेस्टॉरंट होतं. विटांचं दोन मजली घर, खाली चौदा टेबलं आणि वर बिऱ्हाड. मार्सेल म्हणजे मादामचे यजमान; त्यांच्या वडिलांनी ते सुरू केलं. म्हातारे किचनमध्ये, त्यांची बायको बाहेर. मग मार्सेल किचनमध्ये आणि ओदिल बाहेर. लग्न करून आले त्या दिवशी सूटकेस वर ठेवली, ॲप्रन बांधला आणि खाली उतरले, हे त्या अशा सुरात सांगत की तक्रार आहे की बढाई हे कळू नये. एकुलती एक मुलगी बेलव्ह्यूला सॉफ्टवेअरमध्ये. ती काही हे चालवायला येणार नव्हती. माझ्यासारख्याला फाइन डायनिंग म्हणजे परातीएवढी प्लेट आणि मधोमध चार घास, एवढंच माहीत होतं. पण त्या घरात वीस मिनिटं बसलं की माणूस हळू बोलायला लागायचा. टेबलावरचे पांढरे कपडे मादाम रोज स्वतः इस्त्री करायच्या. प्रत्येक टेबलावर छोटी फुलदाणी.

मी पहिल्यांदा गेलो तो बर्फामुळे. शिकागोहून येणारी ट्रेन लेट, माझी गाडी पार्किंगमध्ये गाडली गेलेली, आणि पोटात कावळे ओरडत होते. मादामनी माझे ओले हातमोजे काढून घेतले, हीटरवर पसरले आणि कांद्याचं सूप घ्या म्हणाल्या. वळता वळता थांबल्या. "तुम्ही भारतातले ना, मसिए? मग सांगायला हवं. ते सूप गाईबैलांच्या हाडांचं आहे. दीड दिवस उकळतं." पुरुषाला त्या मसिएच म्हणत, अगदी शाळकरी पोरालासुद्धा.

मी उठायला हवं होतं. मी सांगलीच्या ज्या घरातून आलोय तिथं अंडंसुद्धा कधी उंबरा ओलांडून आलं नाही. पण शेजारच्या टेबलावर तो तपकिरी बाऊल आला होता. वर चीजचा खरपूस थर, कडेनं उतू गेलेला, आणि त्याखालून येणारा तो गोडसर वास. मी म्हणालो, आणा. तेव्हापासून दर गुरुवारी मी तिथं जायचो. घरी मेधाला, म्हणजे बायकोला, सांगायचो की गुरुवारी उशिरापर्यंत मीटिंग असते. आणि वारही कुठला निवडावा, तर गुरुवार! सांगलीला दर गुरुवारी अण्णा, माझे वडील, दत्ताची आरती करून मगच ताटावर बसतात.

मादामचे दोन नियम होते. पहिला मला त्या बर्फाच्या दिवशीच कळला: प्लेटमध्ये काय आहे याबद्दल खोटं बोलायचं नाही. बदक चांगलं आहे का म्हणून कुणी विचारलं तर, "काल चांगलं होतं, आज मासा घ्या," असं तोंडावर सांगायच्या. मार्सेल आतून करवादायचे. बाईंना ढिम्म फरक पडायचा नाही.

दुसरा नियम असा, की पाहुण्याची त्याच्या माणसांदेखत मान खाली जाऊ द्यायची नाही. एकदा एक तरुण मुलगा होणाऱ्या सासूसासऱ्यांना घेऊन आला होता. घाबरलेला इतका, की रेड वाइनचा अख्खा ग्लास सासूबाईंच्या फिक्या ड्रेसवर उपडा. मुलगा पांढराफटक. मादाम आपल्या चालीनं गेल्या आणि म्हणाल्या, "माफ करा, हे टेबल पहिल्यापासून लंगडं आहे. चूक घराची." टेबल ठणठणीत होतं. पण म्हटलं ते निभवायला नको? त्यांनी सगळ्यांसमोर वाकून पायाखाली पुठ्ठ्याची घडी सरकवली. झालं, त्यानं ते खरंच डुगडुगायला लागलं. तो मुलगा पुढं बायकोला घेऊन दर वर्षी यायचा आणि त्याच टेबलावर बसायचा, म्हणून ती घडी कधी निघालीच नाही. इस्त्री करताना मादाम स्वतःच हसायच्या.

"चूक घराची." दिवसातून चार वेळा तरी हे वाक्य ऐकू यायचं. कुणी ऑर्डर विसरलं, चूक घराची. कुणी भलत्याच दिवशी येऊन माझं बुकिंग आहे म्हणून हटून बसलं, चूक घराची. मार्सेल मला एकदा म्हणाले, "चाळीस वर्षं झाली. ही सगळ्या गावाची पापं माझ्या घराच्या नावावर घालते." म्हणताना कौतुकच होतं डोळ्यांत. आणि एखाद्या टेबलावर नवराबायकोची जुंपली, कुणाला रडू कोसळलं, की बाई तिकडे पाठ करून उभ्या राहायच्या आणि जवळच्या फुलदाणीतली फुलं सारखी करायच्या. फुलं आधीच सरळ असायची.

अण्णांची पंचाहत्तरी आली तेव्हा आई-अण्णा आमच्याकडेच होते. इथल्या मराठी मंडळातली माणसं धरून बाराजणांचं जेवण करायचं ठरलं. हॉल, केटरर, तीच ती पनीरची भाजी, हे मला नको होतं. खरं सांगायचं तर मला मिरवायचं होतं. सांगलीच्या वीज मंडळात जन्म काढलेल्या माझ्या वडिलांना मी फ्रेंच रेस्टॉरंटमध्ये जेवायला नेतोय. मी मादामना विचारलं, सगळं शुद्ध शाकाहारी जमेल का. त्यांनी वही काढली आणि तासभर माझी उलटतपासणी घेतली. अंडं चालतं? नाही. वाइन? नको. चीज? चीज चालतं म्हटल्यावर त्या थबकल्या. आठ दिवसांनी म्हणाल्या, "आमचं चीज वासराच्या पोटातल्या रसानं जमवतात, मसिए. ते तुम्हाला चालणार नाही. मी दुसरं शोधलंय." मला हे माहीतही नव्हतं! जन्मभर शाकाहारी म्हणवणारा मी, आणि आमचं सोवळं ही फ्रेंच बाई सांभाळत होती.

मार्सेलनी पंधरा दिवस भाज्यांच्या पाण्यावर खटपट केली. कांदे, गाजरं, मशरूम भाजून, उकळून, चाखून, ओतून दिलं आणि पुन्हा केलं. नवं पातेलं आणलं, नवा डाव आणला. आणि बारा पांढरे बाऊल. मादामनी मला शेल्फ दाखवलं. खाली तपकिरी बाऊल, हाडांच्या सुपाचे. वर पांढरे, आमचे. "हे त्यात जाणार नाहीत आणि ते यात येणार नाहीत," त्या म्हणाल्या.

आता जे सांगायचं आहे ते मला लिहवत नाही. पण लिहितो.

मार्सेलचं नवं सूप मी चाखलं होतं. चांगलं होतं. पण ते नव्हतं. जेवणाच्या आदल्या दिवशी मी मादामना बाजूला घेऊन म्हणालो, की माझ्यापुरतं ते नेहमीचं द्या. त्या म्हणाल्या, देते, तपकिरी बाऊलमध्ये. मी म्हटलं, छे, मग सगळ्यांना कळेल. पांढऱ्यातच द्या. त्या म्हणाल्या, "असं मला सांगू नका, मसिए." मी हसण्यावारी नेलं, गळ घातली, नऊ वर्षांची ओळख काढली. शेवटी त्यांनी मान डोलावली; मार्सेलना न सांगता तो बाऊल स्वतः भरते म्हणाल्या. जिभेचे चोचले, दुसरं काही नाही. त्या एका संध्याकाळी मला राहवलं असतं तर काय बिघडलं असतं?

शनिवारी आम्ही बाराजण बसलो. अण्णांनी कोट घातला होता. त्यांनी हात जोडले, मनातल्या मनात श्लोक म्हटला आणि पहिला चमचा घेतला. "वा! नुसत्या कांद्याचं असं करतात?" माझ्या शेजारीच होते ते. आणि मी सूप नुसतं ढवळत राहिलो. त्यांच्या खांद्याला खांदा लावून मी ते खात होतो. अर्धा बाऊल तसाच राहिला.

अण्णांना जन्मात पानात टाकलेलं अन्न बघवलेलं नाही. आमच्या लहानपणी आमची पानं तेच पुसून संपवायचे, आणि मुलगा पन्नाशीला आला म्हणून बापाची सवय जात नाही. "टाकतोस काय रे? आण इकडे." मी म्हटलं, राहू द्या अण्णा, गार झालंय. ते म्हणाले, गार झालं म्हणून काय झालं, आणि बाऊल ओढून घेतला. तेव्हाही मी तो हिसकावून घेऊ शकलो असतो. सांडू शकलो असतो. मी नुसता बघत राहिलो. एक चमचा, दोन, तीन.

मादाम धावल्या त्या तेव्हा. पलीकडच्या भिंतीपासून, दोन खुर्च्यांना धक्का देत आल्या आणि त्यांनी बाऊलवर हात ठेवला.

"हा नको, मसिए. प्लीज."

अण्णा हसून म्हणाले, का, फार छान आहे. मग मादामचा चेहरा बघून अण्णांनी इंग्लिशमध्ये विचारलं, "यात काय आहे?"

मादामनी माझ्याकडे पाहिलं. दोन्ही नियम एकाच वेळी पाळता येणार नाहीत असं काहीतरी मी त्या बाईंच्या पुढ्यात वाढून ठेवलं होतं. मी बोलेन म्हणून त्या थांबल्या. मी बोललो नाही.

"बीफ, मसिए. हाडांचं पाणी."

"मग हा आमच्या टेबलावर आला कसा?"

 आईनं पदर तोंडाशी नेला. आणि मी, शिरीष, वय वर्षे एकोणपन्नास, इंग्लिशमध्ये म्हणालो, "किचनमध्ये काहीतरी मिक्स-अप झालेला दिसतोय."

मादाम ताठ उभ्या होत्या. "हो, मसिए," त्या अण्णांना म्हणाल्या. "चूक घराची. मला फार लाज वाटते." लाज त्यांना! त्यांच्या मागे किचनच्या दारात मार्सेल टोपी हातात घेऊन उभे होते. त्यांनी सगळं ऐकलं होतं.

घरी आल्यावर अण्णांनी तीन वेळा आंघोळ केली आणि तीन दिवस पाण्याशिवाय काही घेतलं नाही. रागावले मात्र नाहीत. मला म्हणाले, "माणसाच्या हातून चूक होते. बाईंनी पटकन कबूल केली, तिथंच त्या मोठ्या ठरल्या." हे ऐकताना मी त्यांच्यासमोर पाण्याचं भांडं धरून उभा होतो. ठरल्यापेक्षा महिनाभर आधी ते सांगलीला परत गेले.

त्या जेवणाला मंडळाचे कुलकर्णी काका होते. जुने डॉक्टर, सरळ माणूस. त्यांनी मंडळाच्या ग्रुपवर जे पाहिलं ते लिहिलं, की या ठिकाणी व्हेज म्हणून बीफ वाढतात, सावध राहा. तिथून ते गुजराती ग्रुपवर गेलं, तिथून रिव्ह्यूंमध्ये. पंधरा दिवसांत पन्नास जणांनी तेच लिहिलं, आणि त्यातल्या पंचेचाळीस जणांनी ते दारही पाहिलेलं नसेल. ग्रुपवर कुणीतरी मला विचारलं, शिरीष, यार, तू होतास ना? मी हात जोडल्याचं चित्र टाकलं. त्याचा अर्थ ज्याला जो लावायचा तो लावू दे.

मी गुरुवारी जाणं बंद केलं. दीड महिन्यानं संध्याकाळच्या ट्रेनमधून उतरलो तर प्लॅटफॉर्मवर मादाम. कोट घातलेल्या, ॲप्रनशिवाय. आधी मी ओळखलंच नाही. धंद्याबद्दल, रिव्ह्यूंबद्दल त्या अवाक्षर बोलल्या नाहीत. अण्णा जेवतात का ते विचारलं. मग म्हणाल्या, "मार्सेलना वाटतंय पातेली त्यांच्याच हातून बदलली. मी खरं काय ते सांगितलं. ते विश्वास ठेवत नाहीत. म्हणतात, तू आयुष्यभर सगळ्यांना सांभाळून घेतलंस, आता मला घेतेयस." पुढं म्हणाल्या, "ते आता स्वयंपाक करत नाहीत. हातावरचा भरवसा गेलाय. तुम्ही एकदा येऊन एक वाक्य बोलाल?"

नऊ वर्षांत त्यांनी मागितलेली ही एकच गोष्ट. मी म्हणालो, येतो ना, नक्की येतो, या गुरुवारीच येतो. आणि दुसऱ्या दिवसापासून गाडी एक स्टेशन अलीकडे लावायला लागलो, म्हणजे त्या प्लॅटफॉर्मवर उतरायलाच नको. मेधानं विचारलं तर सांगितलं, तिथं पार्किंग बरं मिळतं.

चार महिने मी हे केलं. जानेवारीत मेधाच म्हणाली, अरे, ते फ्रेंचवाले बंद करतायत म्हणे, दारावर बोर्ड लागलाय. म्हणाली, बरं झालं. मी जेवता जेवता चमचा खाली ठेवला आणि तिला सगळं सांगितलं. गुरुवारसकट.  तिनं ताट उचलून सिंकमध्ये ठेवलं आणि पाणी सोडून कितीतरी वेळ उभी राहिली. मग म्हणाली, "मला सांगून काय उपयोग?"

रविवारी सकाळी नऊला मी गेलो. खुर्च्या टेबलांवर उलट्या ठेवलेल्या. मार्सेल खिडकीपाशी बसले होते. आत रामोन नावाचा त्यांचा जुना मदतनीस काहीतरी शिजवत होता आणि मार्सेलकडे चाखायला आणत होता. ते चाखायचे आणि त्यालाच विचारायचे, मीठ आहे का. दारातून किचन दिसत होतं. प्रत्येक पातेल्यावर, बरणीवर, डावाच्या दांड्यावरसुद्धा चिकटपट्टी लावून थरथरत्या अक्षरात नावं लिहिली होती. पाणी ज्यात होतं त्यावर पाणी लिहिलं होतं.

मी त्यांच्यासमोर बसलो आणि सांगितलं. बाऊल मी मागितला होता, पांढऱ्यात द्या असं मी म्हटलं होतं, तुमच्या हातून काहीही झालं नाही. मार्सेलनी शांतपणे ऐकून घेतलं आणि माझ्या हातावर थोपटलं. "ओदिलनं पाठवलं तुम्हाला," ते म्हणाले. "तुम्ही चांगले आहात."

खरं बोलायला मी इतका उशीर केला होता की ते आता भिडेखातर बोलल्यासारखं वाटत होतं. मी मादामकडे पाहिलं. त्या किचनच्या दारात उभ्या होत्या. त्यांच्यामागे ते शेल्फ दिसत होतं. वरच्या फळीवर अकरा पांढरे बाऊल. बारावा खाली होता, तपकिरी बाऊलांच्या रांगेत शेवटी. माझी नजर कुठं गेली ते त्यांनी पाहिलं. "तो आता वर चालणार नाही ना, मसिए," त्या एवढंच म्हणाल्या.

मी फोन काढला. सांगलीत रात्रीची जेवणं झाली असतील. मादामच्या लक्षात आलं आणि त्या दोन पावलं पुढं आल्या. "वडिलांसमोर नको. मसिए, असं करू नका." अजूनही त्यांना माझीच काळजी होती! मी व्हिडिओ कॉल लावला आणि मार्सेलनाही दिसेल असा फोन साखरेच्या भांड्याला टेकवला.

अण्णा दिसले. बनियनवर, चष्मा लावत. "काय रे, आज या वेळेला? जेवलास का?"

मी मराठीत सांगितलं. पहिल्या बर्फापासून सांगितलं. अण्णा, त्यांची चूक नव्हती. तो बाऊल माझा होता. मी नऊ वर्षं खातोय. तुम्ही विचारलंत तेव्हा मी खोटं बोललो.

मार्सेलना त्यातला एक शब्द कळत नव्हता. ते फक्त अण्णांचा चेहरा बघत होते. तो चेहरा माझ्यापासून हळूहळू वळला, भिंतीकडे. चष्मा काढला. असं सोंग कुणाला आणता येत नाही, कितीही चांगल्या मनानं ठरवलं तरी. मार्सेलचा श्वास मला ऐकू आला. त्यांनी आपले दोन्ही हात टेबलावर उताणे ठेवले आणि त्यांच्याकडे बघत राहिले.

बऱ्याच वेळानं अण्णा वळले. माझ्याकडे नाही. "त्या गृहस्थांना नीट समोर घे," म्हणाले. मी फोन वळवला. अण्णांनी दोन्ही हात जोडले, कपाळापर्यंत नेले आणि तसेच ठेवले. मार्सेल खुर्चीचा आधार घेत उभे राहिले आणि त्यांनीही, जमले तसे, हात जोडले. मग अण्णांनी फोन बंद केला. माझ्याशी ते बोलले नाहीत.

मार्सेल वळून आत गेले. पट्टी ओढून काढल्याचा आवाज आला, मग दुसरी, मग तिसरी. रामोनला ते काहीतरी मोठ्यानं म्हणाले, नेहमीसारखे करवादून.

मी डोळे पुसून वर पाहिलं. मादाम माझ्याकडे पाठ करून खिडकीपाशी उभ्या होत्या. टेबलांवरच्या फुलदाण्या केव्हाच गुंडाळून खोक्यांत गेल्या होत्या. उघड्या टेबलावर एकही फूल नव्हतं, आणि त्या दोन्ही हातांनी, सावकाश, काहीतरी सरळ करत होत्या.